तालुक्याच्या गावी क्लब काढण्यापूर्वी मांडावयाचा हिशेब

समृद्धी महामार्गाच्या आजूबाजूला आणि ताडोबा-पेंचकडे जाणाऱ्या वाटांवर 'फार्महाऊस प्लॉट, सोबत क्लबहाऊस' असे फलक दिसू लागल्यापासून तालुक्याच्या गावांतही आपला एक क्लब असावा ही इच्छा बळावली आहे. संध्याकाळी दवाखाना आटोपलेले डॉक्टर, जिनिंगवाले, अडते, कृषी केंद्राचे मालक आणि दोन-चार मोठे संत्रा बागाईतदार एकत्र बसले, की कोणाच्या तरी वावरात क्लब उभा राहतो. निदान कागदावर तरी. मी यवतमाळ जिल्ह्यातील एका तालुक्याच्या क्लबचा अकरा वर्षे खजिनदार होतो, त्यामुळे अशी मंडळी सल्ल्यासाठी माझ्याकडे येतात. बहुतेकांच्या हाती इमारतीचा नकाशा असतो आणि जलतरण तलावाचा आकारही ठरलेला असतो, पण पाचव्या वर्षीच्या मे महिन्यात नोकरांचे पगार कोठून द्यायचे, हे कोणी ठरवलेले नसते. हा लेख त्या पाचव्या मे महिन्यासाठी आहे.

दोन प्रकारचा पैसा, दोन वेगळी खाती

क्लब सभासदाकडून दोन प्रकारचा पैसा घेतो. प्रवेश फी एकदाच मिळते. वर्गणी दरमहा किंवा दरसाल मिळत राहते. प्रवेश फीतून इमारत, कोर्ट, तलाव अशी भांडवली कामे करावीत आणि पगार, वीज, दुरुस्ती हा चालू खर्च पूर्णपणे वर्गणीतून भागवावा, हा या धंद्यातील पहिला नियम आहे. तो मोडला की क्लब लगेच बंद पडत नाही, चार-पाच वर्षे छान चालल्यासारखा दिसतो, आणि म्हणूनच तो सर्रास मोडला जातो.

अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्स राज्यात ब्रुकलाइन येथे १८८२ साली 'द कंट्री क्लब' स्थापन झाला आणि ते नाव पुढे त्या साऱ्या जातीलाच पडले. आपल्याकडचा रॉयल कलकत्ता गोल्फ क्लब त्याहून जुना, १८२९ चा, आणि बॉम्बे जिमखाना १८७५ चा. हे जुने क्लब सभासदांच्या मालकीचे होते. तोटा आला तर तो आपल्याच खिशातून भरायचा, हे प्रत्येकाला ठाऊक होते. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात अमेरिकेत बिल्डरांनी घरे विकण्यासाठी गोल्फ मैदाने बांधण्यास सुरुवात केली. मैदानाकाठचा प्लॉट चढ्या दराने जाई आणि त्या नफ्यातून क्लबची तूट भरून निघे. प्लॉट संपल्यावर तूट भरणारा कोणी उरला नाही. मैदाने गरजेपेक्षा जास्त झाली होती, त्यात २००८ ची मंदी आली, आणि २००६ पासून दशकाहून अधिक काळ तेथे सुरू होणाऱ्या मैदानांपेक्षा बंद पडणाऱ्या मैदानांची संख्या दरवर्षी जास्त राहिली. २०२० च्या महासाथीनंतर मोकळ्या हवेतील खेळांना मागणी आली, चांगल्या क्लबांकडे प्रतीक्षायाद्या लागल्या आणि प्रवेश फी वाढली. पण ती लाट ज्यांचा चालू खर्च वर्गणीतून भागत होता त्यांनाच खरी लाभली. या साऱ्या वर्षांत मोठ्या कंपन्यांनी क्लब विकत घेण्याचा सपाटा लावला. डॅलस येथे १९५७ साली सुरू झालेली क्लबकॉर्प ही कंपनी २०१७ साली अपोलो या गुंतवणूक संस्थेने सुमारे १.१ अब्ज डॉलरला घेतली आणि २०२२ पासून ती 'इन्व्हायटेड' या नावाने चालते. शेकडो क्लब एका हाताखाली आले की खत, यंत्रे, विमा आणि व्यवस्थापक स्वस्तात पडतात. तालुक्यातील एकट्या क्लबला ही सोय नाही, म्हणून त्याचा हिशेब अधिक काटेकोर हवा.

आता तो हिशेब प्रत्यक्ष मांडू. पुढील आकडे उदाहरणादाखल धरलेले आहेत. आपल्या गावचे भाव घालून ते बदलावेत. क्लबहाऊस, दोन बॅडमिंटन कोर्ट, लहान तलाव, पत्त्यांची खोली आणि स्वयंपाकघर इतकाच पसारा समजा. एक व्यवस्थापक, दोन चौकीदार, एक माळी, दोन सफाई कामगार, एक आचारी आणि त्याचे दोन मदतनीस अशी नऊ माणसे लागतील आणि त्यांचा पगार दरमहा १,१४,००० रुपये होईल. दिवाळीच्या बोनसपोटी दरमहा ९,५०० बाजूला काढावे लागतील. वीज ४५,०००, तलावाची औषधे व देखभाल २०,०००, इतर दुरुस्ती २०,०००, विमा-लेखापरीक्षण-परवाने १२,००० आणि किरकोळ १०,००० धरले, तर एकूण २,३०,५०० रुपये महिना, म्हणजे वर्षाला २७,६६,००० होतात. बहुतेक मंडळी येथेच थांबतात. परंतु दीड कोटीची मालमत्ता सरासरी वीस वर्षांत झिजते असे धरले, तर दरवर्षी साडेसात लाख रुपये घसाऱ्यापोटी राखून ठेवले पाहिजेत. अन्यथा पंधराव्या वर्षी छत गळू लागले की सभासदांपुढे हात पसरावे लागतात. म्हणजे खरा वार्षिक खर्च ३५,१६,००० रुपये झाला.

दीडशे सभासद असतील तर प्रत्येकी २३,४४० रुपये वर्षाला, म्हणजे महिन्याला सुमारे १,९५० रुपये पडतात. त्यांतले प्रत्यक्ष १२० जणच वर्गणी भरत असतील तर हाच आकडा महिन्याला २,४४० च्या पुढे जातो आणि १०० जण उरले तर २,९३०. खर्च माणसे घटल्याने घटत नाही, हे या धंद्याचे मुख्य दुखणे आहे: चौकीदार दोनच लागतात, मग आत दहा जण खेळोत की शंभर. वर्गणी वाढवली की आणखी काही जण सोडून जातात, आणि उरलेल्यांवर पुन्हा बोजा वाढतो.

आता दुसरी बाजू पाहा. लोकांना जड वाटेल म्हणून समितीने वर्गणी महिना १,००० रुपये ठेवली. दीडशे जणांकडून १८ लाख आले आणि १७,१६,००० ची तूट राहिली. एक लाख प्रवेश फी देणारे सतरा-अठरा नवे सभासद मिळाले की ती भरून निघते, शिल्लकही दिसते, वार्षिक सभेत टाळ्याही पडतात. पण दरवर्षी तितकेच नवे सभासद शोधावे लागतात, शिवाय सोडून गेलेल्यांची जागा भरायची ती वेगळीच, आणि तालुक्यात लाख रुपये देऊ शकणारी घरे मोजकी असतात. आमच्या क्लबचे नेमके हेच झाले होते. मी खजिनदार झालो त्या वर्षी पहिले काम केले ते प्रवेश फीचे बँक खाते वेगळे करण्याचे, आणि त्या खात्यावर दोन सह्यांऐवजी तीन सह्या लावण्याचे. पुढची दोन वर्षे माझ्याशी फारसे कोणी बोलत नव्हते.

सभासद मोजताना

संभाव्य सभासदांची यादी नावानिशी करावी. 'गावात शंभर डॉक्टर-व्यापारी तर सहज आहेत' हे वाक्य यादी नव्हे. ज्यांना वीस-पंचवीस मिनिटांत क्लबला पोहोचता येते, ज्यांच्या घरातील किमान दोन माणसे तेथे येतील, अशांची नावे लिहावीत आणि प्रत्येकाकडून परत करण्याच्या अटीवर प्रवेश फीच्या दहा टक्क्यांचा धनादेश स्वतंत्र खात्यात घ्यावा. आपल्याकडे तोंडावर नकार द्यायची पद्धत नाही. "टाका न भाऊ माझं नाव, होऊन जाईल," असे म्हणणाऱ्या पन्नास जणांपैकी धनादेश देणारे किती निघतात हे एकदा पाहिले, की इमारतीचा नकाशा आपोआप लहान होतो.

बदलीवर येणाऱ्या अधिकाऱ्यांना या यादीत धरू नये. राज्य सरकारच्या २००५ च्या बदली कायद्यानुसार सरकारी पदावरील सर्वसाधारण कार्यकाळ तीन वर्षांचा असतो, आणि बँका व खाणींतील अधिकारीही बदलीवरच असतात. त्यामुळे तहसीलदार, बँकेचे शाखाधिकारी, कोळसा खाणींतील अभियंते यांच्यासाठी नाममात्र प्रवेश फी आणि इतरांपेक्षा थोडी जास्त वर्गणी असा सेवाकालीन सभासदत्वाचा वेगळा वर्ग ठेवावा. ही माणसे सहसा वेळेवर पैसे भरतात आणि संध्याकाळी नियमाने खेळायला येतात. जिल्ह्याच्या गावांतील जुने ऑफिसर्स क्लब अशाच माणसांवर चालत आले आहेत.

वर्गणी दरमहा मागण्याचा हट्ट कास्तकार सभासदांच्या बाबतीत सोडून द्यावा. सोयाबीन आणि कापसाचा पैसा दसऱ्यानंतर पुसापर्यंत हाती येतो, मृग बहाराच्या संत्र्याचा फेब्रुवारी-मार्चमध्ये. जून-जुलैत बियाणे आणि खते घेतलेल्या माणसाकडे थकबाकीची चिठ्ठी पाठवणे म्हणजे त्याला क्लब सोडायला सांगणेच होय. आम्ही नोव्हेंबर ते जानेवारीदरम्यान वर्षाची वर्गणी एकरकमी भरणाऱ्यास एका महिन्याची सूट दिली आणि थकबाकी निम्म्याहून खाली आली. त्याबदल्यात क्लबला मात्र जूनपासून ऑक्टोबरपर्यंतच्या पाच महिन्यांचा खर्च बँकेत राखून ठेवावा लागतो, ही गोष्ट समितीने लेखी ठरवून ठेवावी.

तालुक्याच्या सभासदाला क्लबकडून काय हवे असते, याबद्दल मोठ्या शहरांची नक्कल फसवते. तासाच्या भाड्याने मिळणारी बॉक्स क्रिकेटची टर्फ आता तालुक्याच्या गावीही झाली आहेत. तेथे वर्गणी नसते, त्यामुळे तरुण मुले तिकडेच जातात. आमच्या सभासदांना सर्वांत जास्त उपयोग झाला तो नागपूरच्या एका क्लबशी केलेल्या संलग्नतेचा. मुलाच्या प्रवेशासाठी, आईच्या तपासण्यांसाठी नागपूरला दोन रात्री राहावे लागते तेव्हा रास्त दरात मिळणारी स्वच्छ खोली तलावापेक्षा मोलाची वाटते. संलग्नतेचा खर्च तलावाच्या औषधांपेक्षा कमी येतो. त्यामुळे ती बोलणी इमारतीच्या आधी करावीत.

जमीन, माती आणि पाणी

जागा पाहताना सातबारा आधी वाचावा आणि मगच वावरात पाय ठेवावा. भोगवटादार वर्ग दोनची जमीन असेल तर सक्षम अधिकाऱ्याच्या परवानगीशिवाय हस्तांतर होत नाही. विदर्भासाठी कुळवहिवाटीचा १९५८ चा स्वतंत्र कायदा आहे आणि शेतकरी नसलेल्या व्यक्तीला किंवा संस्थेला शेतजमीन घेण्यास तो आडवा येतो. क्लब ही संस्था शेतकरी नसते, म्हणून खरेदीची भाषा करण्यापूर्वी वकिलाकडून परवानगीची वाट समजून घ्यावी. अकृषक वापराचा प्रश्न त्यानंतर येतो. पूर्व विदर्भातील नागपूर, वर्धा, भंडारा, गोंदिया, चंद्रपूर आणि गडचिरोली या सहा जिल्ह्यांत 'झुडपी जंगल' ही नोंद दिसली तर तेथूनच परतावे. सर्वोच्च न्यायालयाने २२ मे २०२५ च्या निकालात या जमिनी वनजमीनच असल्याचे सांगितले आहे. व्याघ्र प्रकल्पाजवळची जागा असेल तर पर्यावरण-संवेदनशील क्षेत्राची हद्द नकाशावर तपासावी. आणि पांदण रस्ता. उन्हाळ्यात जागा पाहिली जाते तेव्हा पांदणीतून मोटार सहज जाते. श्रावणात त्याच पांदणीत बंडीचे चाक रुतते. जागा एकदा तरी ऑगस्टमध्ये पाहावी.

गोल्फचा विषय निघतोच, म्हणून तो येथेच संपवतो. अठरा होलच्या मैदानाला साधारण १२० ते १८० एकर जागा लागते, आणि महाराष्ट्राच्या १९६१ च्या कमाल जमीन धारणा कायद्यानुसार कोरडवाहू जमिनीची मर्यादा एका कुटुंबाला ५४ एकर आहे.

मातीचा प्रश्न मात्र कोणी काढत नाही आणि पैसा खरोखर तेथेच जातो. आपली काळी कसदार माती पावसात फुगते आणि उन्हाळ्यात आक्रसते. आमच्या क्लबचे पहिले बॅडमिंटन कोर्ट कंत्राटदाराने काळ्या मातीवरच खडी टाकून, वर सिमेंट ओतून केले होते. पहिल्या एप्रिलमध्ये नेटच्या खांबापासून मागच्या रेषेपर्यंत केसाएवढी रेघ उमटली. दुसऱ्या उन्हाळ्यात तिच्यात पाच रुपयांचे नाणे उभे राहू लागले आणि कोर्टाचा डावा भाग उजव्यापेक्षा बोटभर वर आला. भेग तीन वेळा बुजवली, तीन वेळा तिच्या शेजारी नवी पडली. अखेर सारे खोदून काढावे लागले. नवे कोर्ट करताना काळी माती अभियंत्याने सांगितलेल्या खोलीपर्यंत काढली, मुरूम थराथराने पाणी मारून दाबला, आणि पावसाचे पाणी बाजूने निघून जाईल अशी नाली काढली. इमारतीसाठी अशा मातीत अंडर-रीम्ड पाइलचा, म्हणजे खाली फुगीर केलेल्या काँक्रीटच्या खांबांचा पाया घेतात. त्याचा खर्च अंदाजपत्रकात सुरुवातीलाच घालावा. जवळपास मुरमाड, हलक्या जमिनीचा तुकडा मिळत असेल तर तोच घ्यावा. पिकाला ती जमीन कमी प्रतीची, म्हणून भावही कमी असतो, आणि क्लबला ती उत्तम. काळीचे वावर क्लबखाली घालणे मला तरी पटत नाही.

पाण्याचा हिशेब सोपा आहे. एक चौरस मीटरवर एक मिलिमीटर पाणी म्हणजे एक लिटर. मे महिन्यात पारा ४५ अंशांच्या पुढे जातो तेव्हा हिरवळ हिरवी ठेवायला रोज निदान सहा मिलिमीटर पाणी धरावे लागते. अर्ध्या एकराची, म्हणजे सुमारे २,००० चौरस मीटरची हिरवळ रोज १२,००० लिटर पिते. पाच हजार लिटरचे अडीच टँकर झाले. याउलट पंधरा मीटर लांब आणि सात मीटर रुंद तलावाचे पृष्ठ १०५ चौरस मीटर असते आणि रोज दहा मिलिमीटर बाष्पीभवन धरले तरी हजार लिटरच उडतात. गाळणी धुण्याचे पाणी धरून थोडे अधिक. तलाव एकदा भरायला सुमारे १,३६,००० लिटर लागतात हे खरे, पण त्यानंतर हिरवळीच्या मानाने तो किती तरी कमी पाणी खातो. लोकांच्या डोळ्यांत मात्र तलाव सलतो आणि हिरवळ सलत नाही. शेजारच्या गावाला टँकर येत असताना आपल्या गेटातून टँकर आत जाणे शोभत नाही आणि गावाशी संबंध बिघडले की क्लब चालतही नाही. म्हणून हिरवळ दारापुढील पट्ट्यापुरती ठेवून बाकी जागेत कडुनिंब आणि करंज लावावेत.

विजेबाबत एकच सूचना. जमीनमालकाच्या शेतीपंपाच्या जोडणीवर क्लबचे पाणी खेचण्याचा मोह होतो. वीज कायदा २००३ च्या कलम १२६ नुसार तो अनधिकृत वापर ठरतो आणि आकारणी लागू दराच्या दुपटीने होते.

स्वयंपाकघर, पत्ते, बार आणि लग्नाची लॉन

जगभरच्या क्लबांचा अनुभव असा आहे, की स्वयंपाकघर ही सोय असते, नफ्याचे साधन नसते. सभासदाला रोज जेवण तयार हवे असते, पण तो रोज येत नाही. अमेरिकेतील अनेक क्लब म्हणून प्रत्येकाला खाण्यापिण्यावर ठरावीक किमान खर्च बंधनकारक करतात. आपल्याकडे ते भांडणाचे मूळ होईल. आम्ही रोजची पाच पानी यादी बंद करून चहा, तर्री-पोहे आणि भजी एवढेच ठेवले, आणि शनिवारी आधी नाव नोंदवणाऱ्यांसाठी रोडगे, वांग्याची भाजी आणि वरण असा बेत सुरू केला, हिवाळ्यात हुरडा. वाया जाणारे अन्न थांबले आणि आचारी महिन्याच्या पगाराऐवजी दिवसाच्या ठरावावर आला.

पत्त्यांच्या टेबलावर अनेक लहान क्लब जगतात. १८८७ चा जुगार प्रतिबंधक कायदा अजून लागू आहे. सर्वोच्च न्यायालयाने १९६७ साली सिकंदराबादच्या एका क्लबच्या प्रकरणात रमी हा मुख्यतः कौशल्याचा खेळ असल्याचे आणि तीनपत्ती त्या वर्गात बसत नसल्याचे म्हटले, तसेच पत्ते-खोलीच्या सोयीपोटी माफक आकार घेतल्याने क्लब जुगारअड्डा ठरत नाही हेही मान्य केले. यावरून सावध वहिवाट अशी, की टेबलाचे ठरावीक भाडे पावती देऊन घ्यावे, डावातील पैशांतला हिस्सा कधीही घेऊ नये, आणि बाहेरच्याला टेबलावर बसू देऊ नये.

बारच्या उत्पन्नावर पगाराची भिस्त ठेवू नये. क्लबसाठी एफएल-४ हा वेगळा परवाना असतो, परंतु वर्धा आणि गडचिरोली जिल्ह्यांत दारूबंदी आहे, आणि चंद्रपूरला १ एप्रिल २०१५ रोजी ती लागू झाली आणि २०२१ मध्ये उठली. सहा वर्षे त्या जिल्ह्यातील परवाने कपाटात राहिले. ज्याचा खर्च केवळ वर्गणीतून भागत होता त्यालाच असा काळ काढता येतो.

लग्नासाठी लॉन भाड्याने देण्याचा प्रस्ताव प्रत्येक क्लबमध्ये तिसऱ्या वर्षी येतो. पैसा दिसायला मोठा असतो, पण मुहूर्ताचे दिवस नेमके सुट्ट्यांचे आणि उन्हाळ्याचे. त्या दिवशी वर्गणी भरणारा सभासद गेटवर अडवला जातो. अमेरिकेत करमाफी मिळणाऱ्या सामाजिक क्लबांना एक मोजमाप दिलेले आहे: सभासदेतरांनी क्लबच्या सुविधा वापरल्यापोटी मिळणारा पैसा एकूण जमेच्या १५ टक्क्यांवर जाऊ नये. आपल्याकडे तशी रेषा नाही, तरी मी स्वतः हेच मोजमाप वापरतो, कारण त्यापलीकडे गेलेला क्लब हळूहळू मंगल कार्यालय होतो आणि सभासद त्याचे फुकटे पाहुणे. लॉन द्यायचीच असेल तर तिला वेगळे गेट, वेगळा वीजमीटर आणि वर्षातील ठरवून दिलेले दिवस असावेत. रात्री दहानंतर ध्वनिक्षेपक बंद, ही अट करारात लिहावी.

नोंदणी, कर आणि ठेवी

सात सभासद मिळून १८६० च्या संस्था नोंदणी कायद्याखाली किंवा कंपनी कायद्याखाली क्लब नोंदवता येतो. नाव कोणतेही घ्या, जमीन एका कुटुंबाची असेल तर तीस वर्षांचा नोंदणीकृत भाडेपट्टा झाल्याशिवाय एक वीटही रचू नये. संस्थापक गेल्यावर त्यांच्या मुलांना क्लबची आठवण वेगळ्या रीतीने येते.

प्राप्तिकरात परस्परतेचे तत्त्व आहे: सभासदांनी सभासदांसाठी जमवलेला पैसा उत्पन्न धरला जात नाही. मात्र बँकेतील ठेवींचे व्याज या तत्त्वात बसत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१३ साली बंगलोर क्लबच्या आणि २०२३ साली सिकंदराबाद क्लबच्या प्रकरणात सांगितले. लग्नाच्या लॉनचे भाडेही करपात्र. सेवा कर व विक्रीकराबाबत कलकत्ता क्लबच्या २०१९ च्या निकालाने क्लबांना दिलासा दिला होता. पण २०२१ च्या वित्त कायद्याने जीएसटी कायद्यात १ जुलै २०१७ पासूनची पूर्वलक्षी दुरुस्ती करून सभासद आणि क्लब यांतील व्यवहार करकक्षेत आणले. केरळ उच्च न्यायालयाने २०२५ मध्ये ही दुरुस्ती घटनाबाह्य ठरवली असली, तरी त्या भरवशावर नोंदणी टाळून नंतर व्याजासह मागणी अंगावर घेण्यापेक्षा अंदाजपत्रकात कर धरलेला बरा. सेवांसाठी नोंदणीची मर्यादा २० लाखांची आहे आणि आपला वरचा क्लब ३५ लाख गोळा करतो. म्हणजे १,९५० च्या वर्गणीवर १८ टक्के धरून सभासदाला २,३०० रुपये पडतील. त्याला पहिल्या दिवशी हाच आकडा सांगावा.

'प्रवेश फी अमुक वर्षांनी परत' ही योजना काढू नये. अमेरिकेत तीस वर्षांनी परत करावयाच्या ठेवींवर अनेक क्लब बांधले गेले, आणि मुदत भरू लागली तेव्हा पैसे मागणाऱ्यांची रांग लागून तीन-चार नवे सभासद आल्यावर एकाला पैसे, अशी पाळी आली. आपल्याकडे त्याशिवाय राज्याचा ठेवीदार हितसंरक्षणाचा १९९९ चा आणि केंद्राचा अनियंत्रित ठेव योजनांवरील बंदीचा २०१९ चा कायदा आहे.

आपण क्लब काढत नसून दुसऱ्याच्या क्लबात नाव घालत असाल, तर एवढेच सांगतो. काही वर्षांपूर्वी मीही एका हॉटेलात चहा-नाश्त्याच्या आमंत्रणावर जाऊन 'आजीवन' सभासदत्वाच्या कागदावर सही करून आलो होतो. पाठच्या बाजूला बारीक अक्षरांत वार्षिक देखभाल शुल्क 'वेळोवेळी ठरेल त्याप्रमाणे' असे होते. दोन वर्षांत ते दुप्पट झाले आणि फोन उचलणारा माणूस बदलला. कागद घरी आणून वाचू देत नसतील तर उठून यावे. फसगत झाली तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन १९१५ या क्रमांकावर आहे. २०१९ च्या कायद्यानुसार आपण राहतो त्या जिल्ह्याच्या ग्राहक आयोगात दोन वर्षांच्या आत तक्रार करता येते, आणि दिलेली रक्कम पाच लाखांपर्यंत असेल तर तक्रारीला शुल्क नाही. प्लॉटसोबत क्लबहाऊसचे आश्वासन असेल तर महारेरावरील प्रकल्पाच्या नोंदीत ते लिहिले आहे काय, तेवढे संकेतस्थळावर पाहावे, आणि प्लॉट संपल्यावर क्लबचा खर्च कोण देणार हे विक्रेत्याला लेखी विचारावे.

उद्घाटनाची तारीख पंचांगापेक्षा वर्गणीच्या हंगामावरून ठरवावी. गुढीपाडव्याला मुहूर्त साडेतीनांतला असतो, पण लगेच पुढे उन्हाळा. पंखे, कूलर आणि टँकरची बिले पहिल्याच तिमाहीत येतात, सभासदांची मुले मामाकडे गेलेली असतात आणि क्लबला यायची सवय कोणालाच लागत नाही. दसऱ्याला दार उघडले तर पुढे चार महिने हवा चांगली, हाती कापसाचे पैसे, आणि मार्चपर्यंत रोज येणारी साठ-सत्तर माणसे कोण, हे खजिनदाराला हजेरीवरून कळते. बांधकाम भाद्रपदात पूर्ण झाले नाही तर पुढच्या दसऱ्यापर्यंत थांबावे. तोवर पावसाळ्यात कोर्टाखालचा मुरूम किती दबतो, तेही दिसून येईल.